सेंट्रलिया : गावाखालची आग विझली नाही, गावच रिकामं करावं लागलं, नेमकं काय घडलं होतं?

१४ फेब्रुवारी १९८१ चा दिवस. अमेरिकेतल्या पेनसिल्व्हेनिया राज्यातलं सेंट्रलिया हे कोळसा खाणीचं छोटं गाव. १२ वर्षांचा एक मुलगा आजीच्या परसात होता. जमिनीतून धुराची बारीक रेघ येताना दिसली म्हणून तो जवळ गेला आणि पायाखालची जमीनच खचली.

खड्डा जेमतेम चार फूट रुंद होता. पण त्याची खोली नंतर सुमारे १५० फूट निघाली. झाडाच्या मुळाला धरून तो लटकत राहिला आणि नात्यातल्या मोठ्या भावाने त्याला कसंबसं ओढून बाहेर काढलं. खड्ड्यातून गरम वाफ येत होती आणि त्यात जीवघेणा कार्बन मोनॉक्साईड होता.

योगायोग असा की त्याच दिवशी काही लोकप्रतिनिधी आणि अधिकारी आगीची पाहणी करायला गावात आले होते. ज्या आगीची पाहणी सुरू होती, ती लागून तेव्हा जवळपास १९ वर्षं झाली होती.

गावाखाली आग लागते कशी? ती १९ वर्षं विझत का नाही? आणि हजारभर लोकांचं गाव अखेर नकाशावरून पुसलं कसं गेलं?

कोळशावर वसलेलं गाव

पूर्व पेनसिल्व्हेनियाच्या डोंगराळ भागात अँथ्रासाईट कोळशाचे मोठे साठे आहेत. हा सगळ्यात कडक कोळसा. पेटायला वेळ लागतो, पण एकदा पेटला की धूर कमी आणि उष्णता जास्त. याच कोळशासाठी एकोणिसाव्या शतकाच्या मध्यात अलेक्झांडर रे या खाण अभियंत्याने इथे गावाची आखणी केली. गावाचं नाव सेंटरव्हिल होतं, पण शेजारच्या काउंटीत त्याच नावाचं दुसरं गाव असल्याने टपाल खात्यासाठी ते बदलून सेंट्रलिया करावं लागलं. १८६६ मध्ये गावाला स्वतःची नगरपालिका मिळाली.

१८९० मध्ये इथली लोकसंख्या २,७६१ होती. आधी आयरिश आणि नंतर पूर्व युरोपातून आलेली खाणकामगारांची कुटुंबं इथे स्थायिक झाली. शाळा, चर्च, दुकानं, दारूचे गुत्ते असं सगळं गावात होतं.

१९२९ च्या आर्थिक मंदीनंतर कंपन्यांनी खाणी बंद करायला सुरुवात केली. पोट भरण्यासाठी काही जण बंद खाणींत चोरून कोळसा काढू लागले. खाणीचं छत पेलण्यासाठी सोडलेले कोळशाचे खांबही त्यांनी पोखरले. त्यामुळे जमिनीखाली बोगदे, भेगा आणि ढासळलेल्या पोकळ्यांचं जाळंच तयार झालं. १९६० मध्ये गावात १,४३५ लोक उरले होते.

आग लागली कशी?

आगीच्या कारणाबद्दल एकाहून जास्त मतं आहेत. सर्वाधिक मान्य असलेली हकीकत अशी आहे.

गावातली कचराकुंडी म्हणजे स्मशानभूमीला लागून असलेला खाणीचा जुना उघडा खड्डा. मे महिन्याच्या शेवटी अमेरिकेत मेमोरियल डे असतो. त्या दिवशी लोक आप्तांच्या थडग्यांवर फुलं वाहायला येतात. त्याआधी कचऱ्याची दुर्गंधी कमी व्हावी म्हणून नगर परिषदेने सफाई करायचं ठरवलं. २७ मे १९६२ रोजी स्वयंसेवक अग्निशमन दलाच्या लोकांनी कचरा पेटवला आणि नंतर पाणी मारून विझवला.

खरं तर कचराकुंडी अशी पेटवायला राज्याच्या कायद्याने बंदी होती.

दोनच दिवसांनी कचरा पुन्हा धुमसायला लागला. पाणी मारलं, तरी काही दिवसांनी परत तेच. मग खड्ड्याच्या तळाशी एक मोठं भगदाड सापडलं. ते आधीच बुजवायला हवं होतं, पण कचऱ्याखाली झाकलं गेल्याने कुणाच्या लक्षात आलं नव्हतं. तिथून आग जुन्या बोगद्यांत शिरली होती. परिषदेने कोळसा कंपनीला कळवलं, पण पत्रात आगीचं कारण अज्ञात असल्याचं लिहिलं. ऑगस्टमध्ये आसपासच्या खाणींत कार्बन मोनॉक्साईड आढळला आणि सुरू असलेल्या खाणीही बंद झाल्या.

मग विझवली का नाही?

जमिनीखालचा कोळसा उघड्यावरच्या लाकडासारखा भडकत नाही. तो धुमसत राहतो आणि त्याला थोडी हवाही पुरते. इथे ती हवा जुन्या बोगद्यांतून मिळत होती. कोळसा जळून गेला की वरची जमीन खचते, नवी भेग पडते आणि त्या भेगेतून आणखी हवा आत जाते. म्हणजे आग स्वतःची वाट स्वतःच मोकळी करते. झारखंडमधल्या झरिया कोळसा क्षेत्रात १९१६ पासून आगी धुमसत आहेत, त्यामागेही हेच गणित आहे.

अशा आगीवर मोजके उपाय आहेत. जळता कोळसा खणून काढायचा. आगीच्या पुढे खोल चर खणून तिची वाट अडवायची. किंवा बोगद्यांत वाळू, दगडाची चुरी, राख भरून हवा बंद करायची. तिन्ही उपायांसाठी आग नेमकी कुठवर पोहोचली आहे हे माहीत असावं लागतं आणि तिच्या पुढे जाण्याइतका पैसा हाताशी असावा लागतो. सेंट्रलियात या दोन्ही गोष्टी कमी पडल्या.

ऑगस्ट १९६२ मध्ये खोदकाम सुरू झालं, तेव्हा सुमारे २४ हजार घनयार्ड माती-दगड काढावे लागतील असा अंदाज होता. आग कुठे आहे हे शोधण्यासाठी आधी बोअर घेतले नव्हते. ऑक्टोबर संपेपर्यंत ५८ हजारांहून जास्त घनयार्ड खोदून झालं, मंजूर पैसे संपले आणि काम थांबलं. आग मात्र पुढेच होती. उलट उघड्या पडलेल्या बोगद्यांत हवा शिरून तिला जोर मिळाला.

दुसऱ्या योजनेत दगडाची चुरी पाण्यासोबत बोगद्यांत सोडायची होती. पण कडाक्याच्या थंडीत पाण्याच्या नळ्या गोठल्या आणि मार्च १९६३ मध्ये तोही निधी संपला. पुढची अनेक वर्षं हेच घडत राहिलं. प्रत्येक योजनेचा आकार आग किती पसरली आहे यावर नाही, तर तिजोरीत किती शिल्लक आहे यावर ठरत होता. मधल्या काळात आग आणखी पुढे सरकत होती आणि पुढची योजना आणखी महाग होत होती.

शेजाऱ्या-शेजाऱ्यांत फूट

१९७९ मध्ये पेट्रोल पंप चालवणाऱ्या तेव्हाच्या नगराध्यक्षांनी टाकीतलं पेट्रोल मोजायला दांडी आत घातली. ती बाहेर काढली तर हाताला चटका बसण्याइतकी गरम. थर्मामीटर सोडून पाहिल्यावर पेट्रोलचं तापमान १७२ अंश फॅरनहाइट, म्हणजे सुमारे ७८ अंश सेल्सिअस भरलं.

तोपर्यंत काही घरांच्या तळघरांत वायू साचू लागला होता. कार्बन मोनॉक्साईडला रंग नसतो, वासही नसतो. झोपेत माणूस दगावला तरी कळत नाही. त्यामुळे अशा घरांत वायू मोजणारी यंत्रं बसवली गेली.

मात्र सगळ्या गावाला हा धोका सारखा नव्हता. ज्यांच्या घराखाली आग पोहोचली होती, त्यांना लेकराबाळांना घेऊन लगेच निघायचं होतं. ज्यांच्या घराखालची जमीन थंड होती, त्यांना गाव सोडायचं कारणच दिसत नव्हतं. घर त्यांनी स्वतःच्या कमाईतून उभं केलेलं, आईवडिलांची थडगी टेकडीवर. धोका वाढवून सांगितला जातोय, असं त्यातल्या अनेकांना वाटायचं. एकाच रस्त्यावर राहणारे लोक बैठकांमध्ये एकमेकांवर ओरडू लागले.

गावाखालच्या कोळशाचे हक्क नगरपालिकेकडे होते. त्यामुळे 'गाव रिकामं करायचं आणि खालचा कोळसा बळकवायचा, हाच खरा डाव आहे' असा संशयही पसरला. राज्य सरकारने हा आरोप वेळोवेळी फेटाळला.

शेवटी पैसा आला, पण कशासाठी?

मुलगा खड्ड्यात पडल्याची बातमी देशभर पोहोचली आणि वॉशिंग्टनवर दबाव आला. १९८३ मध्ये आगीचा सविस्तर अभ्यास झाला. आग आणखी १०० वर्षं किंवा त्याहून जास्त काळ जळू शकते आणि ती पूर्ण खणून काढायची तर ६६.३ कोटी डॉलर लागतील, असा त्याचा निष्कर्ष होता.

त्याच वर्षी ऑगस्टमध्ये गावात मतदान झालं. स्थलांतराच्या बाजूने ३४५ आणि विरोधात २०० मतं पडली. त्यानंतर अमेरिकी संसदेने ४.२ कोटी डॉलर मंजूर केले. हे पैसे आग विझवण्यासाठी नव्हते. घरं विकत घेऊन लोकांना दुसरीकडे हलवण्यासाठी होते.

पुढच्या काही वर्षांत हजाराहून जास्त लोक गेले आणि सुमारे ५०० इमारती पाडल्या गेल्या. १९८० मध्ये हजारावर असलेली लोकसंख्या १९९० च्या जनगणनेत ६३ वर आली.

जे गेले नाहीत, त्यांचं काय झालं?

मोजकी कुटुंबं हटली नाहीत. १९९२ मध्ये राज्यपाल बॉब केसी यांच्या सरकारने सक्तीच्या भूसंपादनाचा अधिकार वापरून उरलेली सगळी मालमत्ता ताब्यात घेतली. कागदोपत्री ही माणसं आता स्वतःच्या घराची मालक उरली नव्हती. २००२ मध्ये टपाल खात्याने गावाचा १७९२७ हा पिनकोडही रद्द केला.

तरीही ती राहत होती. २००९ मध्ये त्यांना बाहेर काढण्याची कारवाई सुरू झाली आणि प्रकरण न्यायालयात गेलं. ऑक्टोबर २०१३ मध्ये तडजोड झाली. त्यांना हयातीपर्यंत आपल्याच घरात राहता येईल, पण घर वारसांना मिळणार नाही. त्यांच्यानंतर ते सरकारकडे जाईल. त्यांना मिळून ३,४९,५०० डॉलरही मिळाले. २०२० च्या जनगणनेत गावात पाच लोक होते.

आज तिथे काय आहे?

घरं गेली, पण रस्त्यांची चौकट अजून दिसते. दोन्ही बाजूंना झाडी आणि मध्येच कुठेतरी एकटं उभं घर. बंद पडलेल्या जुन्या महामार्गाचा एक तुकडा पर्यटकांच्या रंगरंगोटीमुळे प्रसिद्ध झाला होता. २०२० मध्ये त्यावरही मातीचे ढीग टाकले गेले. 'सायलेंट हिल' या भयपटाच्या लेखकाने या गावावरून प्रेरणा घेतली होती आणि अनेक जण त्याच कुतूहलापोटी इथे येतात.

गावाच्या शताब्दीनिमित्त १९६६ मध्ये लोकांनी आठवणींच्या वस्तूंची एक पेटी जमिनीत पुरली होती. ५० वर्षांनी, २०१६ मध्ये ती उघडायची होती. कुणीतरी ती उकरण्याचा प्रयत्न केल्याने माजी रहिवाशांनी २०१४ मध्येच ती उघडली. आत पाणी शिरलं होतं आणि बरंच काही खराब झालं होतं. पेटी पुरली तेव्हा आग लागून चार वर्षं झाली होती. तरीही ५० वर्षांनी गाव इथेच असेल, हे लोकांनी गृहीत धरलं होतं.

टेकडीवरचं १९११ सालचं युक्रेनियन कॅथलिक चर्च मात्र शाबूत आहे. त्याच्याखाली कोळसा नसून पक्का खडक आहे, हे तपासणीत निघालं आणि ते पाडण्याची वेळ आली नाही. तिथे आजही रविवारी प्रार्थना होते आणि तिच्यासाठी लोक आसपासच्या गावांतून गाडी चालवत येतात. टेकडीखाली, जिथे त्यांच्यातल्या काहींच्या आईवडिलांची घरं होती, तिथे आता गवत आहे.