बारा कप, पाच काउंट्या, एकच मिको

आयर्लंडच्या नैर्ऋत्य टोकाला, केरी काउंटीत, समुद्रकाठी वॉटरविल नावाचं छोटंसं गाव आहे. तिथे गेलात तर दोन पुतळे हमखास बघायला मिळतील. एक चार्ली चॅप्लिनचा, कारण तो बायकामुलांसह इथे सुट्टीला यायचा. दुसरा मिक ओ'ड्वायरचा. आयर्लंडमध्ये नुसतं 'मिको' म्हटलं तरी पुरतं, आडनाव लागत नाही.

मिकोचा खेळ गेलिक फुटबॉल. एका संघात 15 जण. चेंडू हातात घेऊन पळता येतं, पण चारच पावलं. मग तो जमिनीवर आपटायचा, नाहीतर पायाने उडवून परत हातात घ्यायचा. मिकोच्या काळातला हिशेब असा: चेंडू आडव्या दांडीखालून जाळ्यात गेला की गोल, त्याचे 3 गुण, दांडीवरून गेला की 1 गुण. म्हणून स्कोअर 5-11 असा लिहितात. 5 गोल आणि 11 गुण, एकूण 26.

आता खरी गंमत. या खेळात पगार नाही. क्रोक पार्क स्टेडियमवर 82 हजार लोकांसमोर फायनल खेळलेला गडी सोमवारी आपल्या कामाच्या मागे असतो. आणि खेळायचं ते आपल्या काउंटीकडून. मोठ्या संघाने पैसे ओतून स्टार पळवावा, असा बाजार इथे नाही. मिकोही पोटापाण्यासाठी गॅरेज आणि हॉटेल चालवायचा.

मोडलेले पाय, मग सर्वोत्तम खेळाडू

1936 साली जन्मलेला मिको 1956 ते 1974 केरीकडून खेळला. मधल्या काळात त्याचे दोन्ही पाय मोडले. 1966 साली तो निवृत्त झाला, 1968 साली परत आला आणि 1969 साली वर्षातला सर्वोत्तम फुटबॉलपटू ठरला! खेळाडू म्हणून ऑल-आयर्लंड विजेतेपदं, म्हणजेच कप, चार: 1959, 1962, 1969, 1970.

कुंपण ते कुंपण

खेळणं थांबलं आणि लगेच तो केरीचा मॅनेजर झाला. संघ कोवळ्या पोरांचा. किलार्नीच्या मैदानावर एका टोकाच्या तारेपासून दुसऱ्या टोकाच्या तारेपर्यंत तो त्यांना जीव खाऊन पळवायचा. 'वायर टू वायर' हे शब्द ऐकले की त्या पोरांना आजही धाप लागत असेल. पहिल्याच मोसमात, 1975 मध्ये, त्यांनी डब्लिनला हरवून कप आणला.

गोलकीपर वाद घालत होता तेव्हा

1978 ची फायनल, पुन्हा डब्लिन. केरीला फ्री किक मिळाली. डब्लिनचा गोलकीपर पॅडी कलन रेफरीशी हुज्जत घालत गोल सोडून पुढे आलेला. डब्लिनच्याच एका खेळाडूने सौजन्याने चेंडू उचलून केरीच्या मायकी शीहीच्या हातात दिला. शीहीने इकडेतिकडे न बघता तो खाली ठेवला आणि अलगद उडवला. कलन उलट्या पावली धावला, पण चेंडू डोक्यावरून जाळ्यात! पुढे ओवेन लिस्टनने एकट्याने तीन गोल ठोकले. स्कोअर 5-11 विरुद्ध 0-9.

एका गुणाने हुकलेलं पाचवं

1978 ते 1981 सलग चार कप. 1982 ला सलग पाचव्याची इतकी खात्री, की गाणं रेकॉर्ड झालं होतं, टीशर्ट छापले गेले होते. फायनल संपत आली असताना ऑफली काउंटीचा बदली खेळाडू शेमस डार्बी मैदानात आला आणि त्याने गोल मारला. ऑफली 1-15, केरी 0-17. बेरीज करून बघा: 18 विरुद्ध 17. पुढच्या वर्षी कॉर्कने शेवटच्या क्षणी गोल मारून केरीला बाहेर काढलं. मिकोने याला उत्तर दिलं ते 1984, 1985 आणि 1986 च्या कपांनी. मॅनेजर म्हणून एकूण आठ.

वॉशिंग मशीनभोवती अर्धे उघडे चॅम्पियन

1985 च्या फायनलच्या दिवशी पेपरात जाहिरात झळकली: बेंडिक्सचं वॉशिंग मशीन आणि त्याच्याभोवती टॉवेल गुंडाळलेले केरीचे खेळाडू. पैसे संघाच्या सहलीसाठी. हौशी खेळाच्या कारभाऱ्यांचं पित्त खवळलं. केरीने फायनल जिंकली.

खरी करामत पुढेच

आठ कप मोठेच, पण माझ्या लेखी मिकोचं मोठेपण केरीबाहेरचं आहे. केरीत फुटबॉल रक्तात असतो. पण पुढे तो ज्या किल्डेअर काउंटीचा मॅनेजर झाला, तिने 1956 पासून लेन्स्टर प्रांताचा कप बघितला नव्हता. तिथल्या सरावासाठी मिको एका खेपेला तीनशे किलोमीटरहून जास्त अंतर तुडवायचा. 1998 साली किल्डेअरने आधीच्या तीन वर्षांचे तिन्ही ऑल-आयर्लंड विजेते हरवले: डब्लिन, मीथ आणि सेमीफायनलला खुद्द केरी, तेही एका गुणाने! मिकोचा मुलगा कार्ल त्या दिवशी किल्डेअरकडून खेळत होता. फायनल मात्र गॉलवेने नेली.

मग लीश. 1946 नंतरचा पहिला लेन्स्टर कप 2003 साली मिकोनेच मिळवून दिला. पुढच्याच वर्षी वेस्टमीथने लीशला लेन्स्टर फायनलच्या रिप्लेत हरवून आपला पहिलावहिला लेन्स्टर कप जिंकला. त्यांचा मॅनेजर कोण? पॉडी ओ शे. मिकोच्या हाताखाली आठ कप जिंकलेला गडी, आणि 1998 ला मिकोकडून हरलेल्या केरीचा मॅनेजरही तोच. फिट्टंफाट!

सत्तरी ओलांडली तरी मिको थांबला नाही. विकलोने लेन्स्टर कप कधीच जिंकलेला नाही. 2008 साली मिकोने त्यांना क्रोक पार्कवर चॅम्पियनशिपमधला पहिला विजय मिळवून दिला. हरलेला संघ होता किल्डेअर. त्यानंतर तो क्लेअर काउंटीकडेही गेला. एप्रिल 2025 मध्ये, 88 व्या वर्षी तो गेला.