‘खंड्या’ कोणता? : नामसादृश्य आणि प्रदेशविचार

बोलीतील शब्दांचा संग्रह करताना प्राणिवाचक व पक्षिवाचक नामांची नोंद सर्वांत सोपी वाटते. वस्तुतः ती सर्वांत फसवी असते. ‘खंड्या : मासे खाणारा एक निळा पक्षी’ ही व्याख्या उदाहरणादाखल घेऊ. वऱ्हाडच्या सपाटीवर, अमरावतीचे वडाळी व छत्री तलाव, अकोल्याची मोर्णा, किंवा पूर्णेचे पात्र, अशा ठिकाणी या नावास पात्र असे तीन पक्षी आढळतात. त्यांपैकी एकाच पक्ष्यास ही व्याख्या पूर्णपणे लागू पडते.

तो पक्षी म्हणजे छोटा खंड्या (आल्सेडो आथिस). चिमणीहून किंचित मोठा, पाठ चकचकीत निळी, पोट तांबूस. पाण्यावर झुकलेल्या फांदीवरून सूर मारून तो मासा पकडतो. मादीच्या खालच्या चोचीवर तांबडा रंग असतो. दुसरा पांढऱ्या गळ्याचा खंड्या (हॅल्सिऑन स्मिर्नेन्सिस) पुष्कळ मोठा, सुमारे २८ सेंटिमीटर लांबीचा असतो. डोके व पोट गडद तपकिरी, गळा व छाती पांढरी, पंख निळे आणि चोच लाल. हा निळा खरा. परंतु केवळ मत्स्याहारी नव्हे. टोळ, सरडे, बेडूक यांवर त्याचा निर्वाह चालत असल्याने पाण्यापासून दूर, शेतातील तारेवरही तो बसलेला दिसतो. तिसरा कवड्या खंड्या (सेरिल रुडिस) मुख्यतः मत्स्याहारी आहे. पण त्याच्या अंगावर निळा रंग मुळीच नाही. तो काळा-पांढरा असून पाण्यावर हवेतच एका जागी फडफडत राहतो व मग खाली झेपावतो. नराच्या छातीवर दोन काळे पट्टे असतात, मादीच्या छातीवर एकच व तोही मध्ये तुटलेला.

यावरून ‘खंड्या’ हे जातिवाचक नसून कुलवाचक नाम आहे हे स्पष्ट होते. ‘धीवर’ व ‘किलकिला’ या शब्दांचीही स्थिती तीच. पहिला शब्द व्यवसायावरून आलेला आहे, आणि तो पांढऱ्या गळ्याच्या पक्ष्यास अर्धाच शोभतो. भेद दाखविण्याचे कार्य विशेषण करते. ‘कवड्या’ हे विशेषण पिसाऱ्यावरील काळ्या-पांढऱ्या रंगाची खूण सांगते. हिंदीतील ‘कौड़ियाला किलकिला’ या नावातही तीच कल्पना आहे. कोकण व सह्याद्रीच्या दमट अरण्यात पावसाळ्यात वीण करणारा तिबोटी खंड्या (सीक्स एरिथाका) पायास तीनच बोटे असल्यामुळे त्या नावाने ओळखला जातो. काळ्या डोक्याचा खंड्या प्रामुख्याने समुद्रकिनारी व खाजणांत राहतो. वऱ्हाडातील नोंदीत ही नावे आली, तर ती ग्रंथातून उचलली गेली असावीत, अशी शंका अभ्यासकाने प्रथम घ्यावी.

मग शास्त्रीय नावावर प्रदेशासाठी विसंबावे काय? तेही निर्धोक नाही. ‘स्मिर्नेन्सिस’ म्हणजे स्मर्नाचा, आजच्या तुर्कस्तानातील इझमीरचा. लिनियसने १७५८ मध्ये हे नाव दिले. परंतु तो पक्षी तुर्कस्तानापासून आग्नेय आशियापर्यंत पसरलेला आहे. ‘कापेन्सिस’ची कथा याहून बोधप्रद आहे. लांब, जाड, तांबड्या चोचीचा हा मोठा खंड्या (पेलार्गॉप्सिस कापेन्सिस) झाडीने झाकलेल्या नद्या-तलावांकाठी राहतो. ब्रिसन या फ्रेंच शास्त्रज्ञाने त्याचा नमुना केप ऑफ गुड होपचा समजला, आणि १७६६ मध्ये लिनियसने तीच समजूत नावात कायम केली. हा पक्षी आफ्रिकेत मुळीच नाही! पुढे त्याचे मूळ स्थान बंगालमधील चंद्रनगर असे ठरविण्यात आले. नाव मात्र नियमानुसार तसेच राहिले.

तात्पर्य, नाव हे ओळखीचे साधन आहे, प्रदेशाचा पुरावा नव्हे. म्हणून शब्दसंग्राहकाने प्रत्येक पक्षिनामासोबत चार गोष्टी लिहाव्यात : सांगणाऱ्याने दाखविलेली खूण, पक्षी दिसल्याचे स्थळ, ऋतू आणि पडताळलेले शास्त्रीय नाव. मेळघाटात कोरकू व वऱ्हाडी या भिन्न कुळांच्या भाषा शेजारी नांदतात. तेथे तर एका नावाचे दुसऱ्या भाषेतील नाव विचारण्यापूर्वी पक्षीच दाखवावा. शब्द टिकला आणि त्याचा अर्थ हरवला, तर कोशात केवळ ध्वनी उरतो.