डोंगरावरची शिदोरी

परगावी निघालो की आपण फडक्यात भाकरी-चटणी बांधून घेतो. एक वेळची भूक भागते. पण जिथे महिना महिना गाव नाही, दुकान नाही, नुसते बर्फच बर्फ, तिथे जाणाऱ्याने शिदोरी कशी बांधावी?

हिमालयातले एव्हरेस्ट हे जगातले सर्वांत उंच शिखर. २९ मे १९५३ रोजी तेनसिंग आणि हिलरी हे दोघे त्यावर पोचले. आदल्या रात्री ते सुमारे २७,९०० फुटांवर तंबूत होते. जेवणात जर्दाळूंचा डबा होता. पण फळे दगडासारखी गोठलेली! स्टोव्हवर धरून ती वितळवावी लागली. म्हणजे पत्रा वाहून न्यायचा, फळातले पाणीही वाहून न्यायचे. आणि वर तर बर्फाला तोटा नाही!

आता हिशेब करून पाहा. दहा माणसे, वीस दिवस. माणशी रोज नुसता पत्राच पाव किलो धरा. किती झाला? ५० किलो. तो कोणाच्या पाठीवर? शेर्पा आणि हमालांच्या. तिथे हवा इतकी विरळ की चार पावले टाकली तरी धाप लागते. पुड्याचे ओझे वाढले की माणसाच्या जिवाशी गाठ पडते.

म्हणून तीन गोष्टी करतात.

पहिली, अन्नातले पाणी काढतात. शिजवलेला भात, डाळ, भाजी वाळवून नेतात. वर बर्फ वितळवून गरम पाणी घातले की जेवण तयार.

दुसरी, पुड्यातली हवा काढून घेतात. पुडा चपटा होतो, जागा कमी लागते. अन्न लवकर खवट होत नाही. १९५३ च्या मोहिमेतही असे पुडे होते.

तिसरी, डब्याऐवजी पातळ पिशवी वापरतात. आतबाहेर प्लास्टिक, मध्ये अॅल्युमिनियमचा पापुद्रा. त्यातून ओल शिरत नाही, उजेडही शिरत नाही. म्हैसूरला १९६१ साली संरक्षण खात्याची अन्न प्रयोगशाळा निघाली. तिथे जवानांसाठी अशा पिशव्यांतले जेवण तयार केले गेले.

मात्र पिशवीला टाचणीएवढे भोक पडले तरी अन्न नासते. म्हणून ती जपून भरावी लागते.

आणि रिकामी पिशवी? ती बर्फात कुजत नाही. वर्षानुवर्षे तशीच पडून राहते. म्हणून एव्हरेस्टवर जाणाऱ्या प्रत्येकाने आठ किलो कचरा खाली आणावा, असा नियम नेपाळ सरकारने २०१४ साली केला.

भरलेली शिदोरी वर नेली, तर रिकामी खाली आणणे हेही आपलेच काम, नाही का?