आधी मोजे, मग बास्केटबॉल

समजा, अमेरिकेतल्या सगळ्यांत दादा कॉलेज बास्केटबॉल संघात तुमची निवड झालीय. पहिला दिवस. कोच आले. आता काहीतरी भन्नाट डावपेच ऐकायला मिळणार म्हणून तुम्ही कान टवकारता, आणि कोच मोजे कसे घालायचे ते दाखवायला लागतात!

लॉस एंजेलिसच्या यूसीएलए विद्यापीठात जॉन वुडन यांचा पहिला धडा हाच असायचा. मोज्याला सुरकुती राहिली की पायाला फोड येतो, फोड आला की खेळाडू बाकावर बसतो. साधा हिशेब. सात फुटांहून उंच लू अल्सिंडर, म्हणजे पुढचा करीम अब्दुल-जब्बार, त्यालाही या तासातून सुटका नव्हती.

याच वुडन यांनी 12 वर्षांत 10 राष्ट्रीय विजेतेपदं मिळवली, त्यातली सात ओळीनं. मोज्यांना हसायचं की नाही, ते तुम्ही ठरवा.

पगार एक, कामं अनेक

माणूस मुळात शाळामास्तर. 1932 साली केंटकीतल्या डेटन गावच्या हायस्कुलात ते रुजू झाले, मग इंडियानातल्या साऊथ बेंड सेंट्रल हायस्कुलात नऊ वर्षं. तिथं वर्गात इंग्रजी शिकवायचं, मैदानावर बास्केटबॉल, बेसबॉल आणि टेनिस, आणि वर ॲथलेटिक डायरेक्टरची खुर्ची. अमेरिकेत हा शाळेतल्या सगळ्या खेळांचा कारभारी. सामने ठरवा, पंच बोलवा, बस सांगा, पैशांचा मेळ घाला. लग्नघरातला खमका मामा असतो ना, तसं काम.

डेटनच्या पहिल्या मोसमात मास्तरांचा संघ 6 सामने जिंकला, 11 हरला. पुढच्या चाळीसेक वर्षांत त्यांच्यावर हरण्याचं पारडं जड होण्याची वेळ पुन्हा आली नाही. शाळेतली एकूण कमाई 218 विजय आणि 42 पराभव. तरी गंमत पाहा, हायस्कूल कोच म्हणून राज्याचं विजेतेपद काही हाती लागलं नाही. खेळाडू म्हणून मात्र 1927 सालीच त्यांनी मार्टिन्सव्हिलसाठी ते जिंकून ठेवलं होतं.

909 डॉलर 5 सेंट

लग्नासाठी जमवलेली ही सगळी पुंजी. लग्न दोन दिवसांवर आलं आणि बँक बुडाली! महामंदीचे दिवस होते ते. उसनवारी करून ऑगस्ट 1932 मध्ये वुडन आणि नेल रायली बोहल्यावर चढलेच.

'नाही' म्हणणारा कोच

नौदलातली नोकरी संपवून वुडन 1946 मध्ये इंडियाना स्टेटच्या कॉलेजात आले. इथंही कोच अधिक ॲथलेटिक डायरेक्टर, सवय जुनीच. 1947 मध्ये संघाला राष्ट्रीय स्पर्धेचं बोलावणं आलं, पण कृष्णवर्णीय खेळाडूंना तिथं बंदी होती. संघात क्लॅरेन्स वॉकर हा कृष्णवर्णीय राखीव खेळाडू. वुडन यांनी निमंत्रण परत केलं. पुढच्या वर्षी बंदी उठली, वॉकर खेळला आणि संघ थेट अंतिम फेरीत पोहोचला. दहा विजेतेपदांच्या गर्दीत हा किस्सा मागं पडतो. मला विचाराल तर पहिला मान याचाच.

बर्फानं ठरवलेली नोकरी

1948. वुडन यांना खरं तर मिनेसोटाला जायचं होतं. फोन ठरल्या वेळी येणार होता, पण तिकडं हिमवादळानं फोनच्या तारा लोळवल्या. फोन नाही म्हणजे नकार असं धरून त्यांनी यूसीएलएला होकार दिला. थोड्या वेळानं मिनेसोटाचा फोन लागला. पण शब्द गेला होता, विषय संपला.

लॉस एंजेलिसला येऊन पाहतात तो काय, सरावाची जागा म्हणजे जुनं जिम. एकीकडं कुस्ती, दुसरीकडं जिम्नॅस्टिक्स आणि मधल्या धुळीत बास्केटबॉल. रोज सरावाआधी फरशी झाडायला स्वतः कोच! पॉली पॅव्हिलियन हे ऐसपैस घर 1965 मध्ये मिळालं. तोवर दोन राष्ट्रीय विजेतेपदं खिशात होती. पहिलं आलं 1964 साली, त्यांच्या सोळाव्या मोसमात. त्या संघाच्या मुख्य पाचांत साडेसहा फुटांचासुद्धा कोणी नव्हता. आजकाल तीन मोसम वाट पाहणारं व्यवस्थापन तरी सापडेल का?

दाढी की संघ?

बिल वॉल्टन हा त्या काळचा हुकमी एक्का. सुट्टीनंतर दाढी वाढवून आला आणि दाढी ठेवणं हा आपला हक्क असल्याचं सांगू लागला. वुडन यांनी त्याच्या ठामपणाचं कौतुक केलं आणि शांतपणे सांगितलं, तुझ्याशिवाय चुकल्याचुकल्यासारखं वाटेल. पठ्ठ्या सायकलवर टांग मारून दाढी करायला पळाला.

असा माणूस सरावात नेमकं बोलतो काय, याची दोन मानसशास्त्रज्ञांनी 1974-75 मध्ये बसून नोंद केली. 2,326 नोंदी जमल्या. त्यांत सुमारे 75 टक्के निव्वळ माहिती: काय करायचं, कसं करायचं. शाबासकी जेमतेम सात टक्के, नाराजीही तेवढीच. भाषणबाजी शोधणाऱ्यांची निराशा झाली असणार.

साऊथ बेंडचा हिशेब

जानेवारी 1971 मध्ये यूसीएलए नोत्र दाम विद्यापीठाकडून हरलं. मग सलग 88 विजय, तीन वर्षं. मधे 60 सामन्यांचा जुना विक्रम मोडला तोही नोत्र दामच्याच मैदानात. जानेवारी 1974 मध्ये तिथंच 11 गुणांची आघाडी शेवटच्या साडेतीन मिनिटांत गमावली आणि 71-70 नं मालिका तुटली. हे मैदान आहे साऊथ बेंडला, जिथं मास्तर नऊ वर्षं इंग्रजी शिकवत होते!

1975 मध्ये दहावं विजेतेपद घेऊन ते थांबले. 27 मोसम, 620 विजय. बास्केटबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये खेळाडू आणि कोच अशा दोन्ही नात्यांनी जाणारे ते पहिले.

नेल 21 मार्च 1985 ला गेल्या. त्यानंतर अनेक वर्षं दर महिन्याच्या 21 तारखेला वुडन त्यांना पत्र लिहीत आणि त्यांच्या उशीवर ठेवत. 2003 मध्ये पॉली पॅव्हिलियनच्या कोर्टला दोघांचं नाव दिलं गेलं, तेव्हा त्यांच्या आग्रहावरून नेल यांचं नाव आधी लागलं. इतकी पत्रं लिहून एकही पोस्टात न टाकलेल्या या माणसाच्या नावानं लॉस एंजेलिसच्या रिसीडा भागात 2006 पासून चक्क एक पोस्ट ऑफिस आहे.