माथेफिरूचं कृत्य? मग पुरुषांना बाहेर का काढलं?

‘माथेफिरूचा गोळीबार; बायका दुर्दैवाने सापडल्या.’ माँट्रियलच्या एकोल पॉलिटेक्निकमधल्या हत्याकांडाबद्दल हे इतकं ऐकावं लागतं, की चीड येते.

६ डिसेंबर १९८९ला बंदूकधारी या अभियांत्रिकी महाविद्यालयातल्या एका वर्गात शिरला. त्याने मुलगे एका बाजूला, मुली दुसऱ्या बाजूला केल्या आणि सुमारे ५० पुरुषांना बाहेर घालवलं. उरल्या नऊ मुली. आपली लढाई स्त्रीवादाशी आहे, असं त्याने त्यांना सांगितलं. नताली प्रोव्होस्ट म्हणाली, आम्ही स्त्रीवादी नाही, फक्त शिकतोय. त्याने गोळ्या झाडल्या. त्या वर्गात सहा जणी गेल्या, इमारतीत एकूण १४. सगळ्या स्त्रिया. यात सापडणं कुठे आलं? त्याने त्यांना निवडलं होतं.

शंका असेल तर त्याचं पत्र पाहा. १९९०च्या नोव्हेंबरमध्ये ते ‘ला प्रेस’ या दैनिकाने छापलं. कारण राजकीय आहे, असं त्याने स्वतःच लिहिलं होतं. वर्तमानपत्रं आपल्याला वेडा ठरवतील, हा अंदाजही त्यात होता आणि जोडीला १९ स्त्रियांच्या नावांची यादी. त्याचं मन बिघडलेलं असेलही. पण बळी कोण, हे त्याने शांतपणे ठरवलं होतं. तरीही माँट्रियलमधल्या स्मारकाच्या फलकावर ‘दुःखद घटना’ एवढंच होतं. ‘स्त्रीवादविरोधी हल्ला’ हे शब्द तिथे यायला २०१९ साल उजाडलं. तीस वर्षं!

‘वर्गातले मुलगे भित्रे होते’ असं म्हणणाऱ्यांनी रोखलेल्या रायफलीसमोर स्वतःला उभं करून पाहावं. काहींना तर सुरुवातीला ती थट्टाच वाटली. वाचलेल्या एका विद्यार्थ्याने पुढच्याच वर्षी आयुष्य संपवलं.

‘मुलींनी अभियांत्रिकीची धास्ती घेतली.’ साफ चूक. पॉलिटेक्निकमध्ये मुलींचं प्रमाण आज तेव्हापेक्षा जास्त आहे.

‘कायदा झाला, विषय संपला.’ नाही. १९९५च्या कायद्याने आणलेली रायफलींची सक्तीची नोंदणी कॅनडाच्या केंद्र सरकारने २०१२मध्ये रद्द केली. हत्याकांडात वापरलेल्या रुगर मिनी-१४वर बंदी आली ती थेट मे २०२०मध्ये. त्यासाठी वाचलेल्या विद्यार्थ्यांनी आणि मृत मुलींच्या घरच्यांनी वर्षानुवर्षं सरकारदरबारी पाठपुरावा केला. चार गोळ्या लागूनही जगलेली नताली त्यांच्यात होती. आपण तेव्हाही स्त्रीवादीच होतो, हे ती नंतर उघडपणे सांगू लागली. २०२५मध्ये ती कॅनडाच्या संसदेत निवडून गेली.