कुवत, हवा आणि तयार ससाणे

समजा, उद्या सकाळी पेपरात तुम्हाला अशा बातम्या दिसल्या: 'विद्यार्थ्यांनी पोलिसांना हरवलं'. 'वीज आणि तेल यांची बरोबरी'. 'बंदराने रेल्वेचा धुव्वा उडवला'. तुम्ही पेपर उलटासुलटा करून बघाल ना? इराकमधल्या मुलांना मात्र यात काहीही विचित्र वाटणार नाही. ती फुटबॉलचं पान वाचत असतात!

इराकमधल्या कितीतरी फुटबॉल क्लबांची नावं खात्यांची, नाहीतर कामधंद्यांची आहेत. 'अल-शुर्ता' म्हणजे पोलीस. 'अल-तलबा' म्हणजे विद्यार्थी. 'अल-नफ्त' म्हणजे तेल, जमिनीखालचं. 'अल-मीना' म्हणजे बंदर, आणि तो क्लब अर्थातच बसरा या बंदराच्या शहरातला. 'अल-हुदूद' हा सीमारक्षकांचा क्लब. हुदूद हे 'हद्द' या शब्दाचं अनेकवचन. हो, तीच हद्द! 'आता मात्र हद्द झाली' असं आई म्हणते ना, तो शब्द अरबी भाषेतूनच मराठीत येऊन राहिलाय.

आणि 'अल-कहरबा'? म्हणजे वीज. हा शब्द मुळात फारसी, त्याचा अर्थ 'गवताची काडी पळवणारा'. हे नाव आधी एका खड्याचं होतं. झाडाच्या चिकाचा लाखो वर्षांत दगडासारखा खडा होतो. तो लोकरीवर घासला की वाळक्या काड्या, पिसं टपकन ओढून घेतो. कोरड्या केसांतून फिरवलेला प्लॅस्टिकचा कंगवा कागदाचे कपटे उचलतो, तसंच. संस्कृतात त्याला 'तृणमणी' म्हणतात, तृण म्हणजे गवत. ग्रीक लोक त्याला 'इलेक्ट्रॉन' म्हणायचे, आणि त्यातूनच पुढे 'इलेक्ट्रिसिटी' आली. एकच खडा, एकच गंमत, आणि तीन भाषांत नावं. घरी कंगवा घासाल तेव्हा या क्लबाची आठवण काढा.

पण आज मला सांगायचीय ती या सगळ्यांच्या आजोबांची गोष्ट. क्लबाचं नाव 'अल-कुव्वा अल-जविया'. म्हणताना जीभ अडखळते खरी, पण अर्धं नाव तुम्हाला आधीच येतं. 'कुव्वा' म्हणजे बळ. आपण म्हणतो ना, 'तेवढी माझी कुवत नाही', ती ही कुवत! 'जविया' म्हणजे आकाशातली, हवेतली. दोन्ही मिळून झालं हवाई दल.

आता चला १९३१ सालात. त्या वर्षी २२ एप्रिलला बगदादच्या आभाळात पाच छोटी विमानं घरघरत आली. नाव 'जिप्सी मॉथ'. मॉथ म्हणजे पतंग, दिव्याभोवती फिरतो तो. आणि विमानंही तशीच हलकीफुलकी! लाकडाचा सांगाडा, त्यावर ताणून बसवलेलं कापड, एकावर एक असे दोन मजली पंख. वर छप्पर नाही, वारा सरळ तोंडावर. इंग्लंडमध्ये शिकून आलेले इराकी वैमानिक ती थेट तिथून चालवत घेऊन आले होते. लाकूड-कापडाच्या विमानातून इंग्लंड ते बगदाद! मला तर नुसत्या विचारानंच पोटात गोळा येतो. हा दिवस इराकी हवाई दलाचा वाढदिवस झाला.

आणि त्याच वर्षी या हवाई दलाने आपला फुटबॉल क्लबही काढला. विमानं नुकती कुठे आलीयत, आणि यांना चेंडूही हवा! इराकमध्ये आज खेळत असलेल्या सगळ्यांत जुन्या क्लबांपैकी हा एक. बसऱ्याचा बंदरवाला क्लबही त्याच सालातला.

हवाई दल आणि फुटबॉल यांचा काय संबंध, असं विचाराल तर मी म्हणेन, हवा! फुटबॉलचं वजन असतं ४१० ते ४५० ग्रॅम. त्यात हवेचं किती असेल? साधारण ११ ग्रॅम, म्हणजे दोन-अडीच चमचे साखरेएवढं. बाकी सगळं आवरण. पण ते ११ ग्रॅम काढून टाका, की चेंडू भाकरीसारखा चपटा.

बगदादची हवा तर त्या चेंडूशी आणखी खेळ करते. जुलैत तिथलं दुपारचं तापमान सहज ४४ अंशांवर जातं. २०२० च्या जुलैत तर ते ५१.८ अंशांवर पोचलं होतं. समजा, गारव्यात २० अंशांना तुम्ही चेंडूत हवा भरलीत, बाहेरच्या हवेपेक्षा ०.८ वातावरण (हे दाब मोजायचं माप) इतकी जास्त दाबून. तोच चेंडू ४५ अंशांच्या उन्हात ठेवला तर हा जास्तीचा दाब जवळपास ०.९५ होतो. हवा न भरता, पंपाला हात न लावता! आतले हवेचे कण तापले की जोरजोरात धावतात आणि आतून चेंडूच्या भिंतीवर धडका देतात. चेंडू टणक होतो. फुटबॉलच्या नियमांत ०.६ ते १.१ एवढा दाब चालतो, त्यामुळे पंच काही बोलणार नाहीत. पण पायाला फरक कळतो.

आणि खेळाडूंचं काय? त्यांना वाचवतो तो घाम. घाम वाळतो तेव्हा कातडीची उष्णता घेऊन जातो. आपला माठही याच युक्तीने पाणी गार करतो. मातीतून पाझरलेलं पाणी वाळत राहतं आणि आतलं पाणी थंड होतं. म्हणून तर नागपूरच्या कोरड्या उन्हाळ्यात माठ आणि कूलर झकास चालतात, आणि मुंबईच्या दमट हवेत कूलर लावला तर नुसता चिकचिकाट. बगदाद या बाबतीत नागपूरचा भाऊ. हवा कोरडी, घाम भराभर वाळतो. इतका भराभर, की आपल्याला घाम आलाय हेच कळत नाही आणि अंगातलं पाणी मात्र संपत जातं. म्हणून तिथे उन्हाळ्यातले सामने संध्याकाळी नाहीतर रात्री, आणि बाटल्यांवर बाटल्या पाणी.

तर क्लब वाढत गेला. १९७४-७५ मध्ये इराकमध्ये देशभरातल्या क्लबांची लीग सुरू झाली, आणि पहिल्याच वर्षी ती आपल्या या आजोबांनी जिंकली. पण त्या विजेत्यांच्या यादीत त्यांचं नाव शोधाल तर सापडायचं नाही! कारण तेव्हा क्लबाचं नाव बदलून 'अल-तय्यरान' ठेवलं होतं. तय्यरान म्हणजे उड्डाण. पुढे जुनं नाव परत आलं.

आता माझी सगळ्यात आवडती गंमत. या क्लबाचं टोपणनाव आहे 'अल-सुकूर', म्हणजे ससाणे. अरब लोक फार पूर्वीपासून ससाणे पाळून त्यांना शिकार शिकवतात. ससाण्याची जुनी पिसं झडून नवी आली, तो उडायला सज्ज झाला, की त्याला 'तय्यार' म्हणायचे. तय्यार म्हणजे उडणारा. 'तय्यरान' आणि 'तय्यार' एकाच घरातले शब्द. आणि आपला 'तयार' हा शब्द याच ससाण्यांच्या शिकारीतून आला, असं शब्दांचे जाणकार सांगतात. म्हणजे रोज सकाळी 'झालास का रे तयार?' अशी हाक येते, तेव्हा कोणीतरी तुम्हाला ससाणा म्हणत असतं! (दप्तर सापडत नसतं, तो भाग वेगळा.)

ससाण्यांचे जुने प्रतिस्पर्धी कोण माहितेय? बगदादचाच 'अल-जव्रा' क्लब, आणि त्यांचं टोपणनाव सीगल, समुद्रावर उडणारे ते पांढरे पक्षी. दोघांचा सामना असला की बगदादमध्ये दुसरा विषय नसतो. पोलिसांच्या क्लबाचं टोपणनाव तर ओळखूच शकणार नाही तुम्ही. वाघ? सिंह? छे! ते आहे एक तंतुवाद्य, हार्प! इराकच्या मातीत साडेचार हजार वर्षांपूर्वीची अशी वाद्यं सापडली आहेत.

ससाण्यांनी २०२१ पर्यंत ही लीग सात वेळा जिंकली. पण त्यांचं नाव आशियाभर झालं ते २०१६ मध्ये, एएफसी कप या स्पर्धेत. आणि अंतिम सामन्यात समोर कोण? आपला बेंगळुरू एफसी! सुनील छेत्री कर्णधार. या स्पर्धेच्या अंतिम सामन्यात पोचलेला तो पहिला भारतीय क्लब. वय बघा: बेंगळुरू तीन वर्षांचं, ससाणे ८५ वर्षांचे. पणतू आणि पणजोबाच म्हणा ना.

५ नोव्हेंबरला सामना झाला. ससाण्यांचं 'घरचं' मैदान होतं, पण ते होतं कतारमधल्या दोहा शहरात! बगदादपासून हजार किलोमीटरहून लांब. इराकमध्ये बरीच वर्षं लढाया आणि बॉम्बस्फोट चालू होते, त्यामुळे बाहेरच्या संघांना तिथे खेळायला पाठवत नसत. विचार करा, तुमची शाळा घरच्या मैदानावर खेळतेय, आणि घरचं मैदान हैदराबादच्याही पलीकडे. तरीही ससाणे जिंकले, १–०. गोल केला हम्मादी अहमदने. त्या स्पर्धेत या एकट्या पठ्ठ्याने १६ गोल केले. मी बेंगळुरूच्या बाजूने होतो, त्यामुळे मला त्याचा राग आला होता. अजूनही थोडा आहे.

२०१७ मध्ये त्यांनी ताजिकिस्तानात जाऊन तिथल्या इस्तिकलोल क्लबाला हरवलं, पुन्हा १–०. लागोपाठ दोन. मग आलं २०१८. त्या वर्षी फुटबॉलच्या जागतिक संघटनेने सांगितलं, की बसरा, करबला आणि अर्बिल या शहरांत आता सामने खेळायला हरकत नाही. आणि अंतिम सामना ठरला बसऱ्याला.

बसरा म्हणजे सिंदबाद जिथून गलबतात बसायचा ते गाव. आजीच्या तोंडी 'बसऱ्याचे मोती' ऐकलेत ना, तेच बसरा. समोर होता तुर्कमेनिस्तानचा अल्तिन असिर. २७ ऑक्टोबर २०१८. पहिला गोल, पुन्हा हम्मादी अहमद. दुसरा, इमाद मोहसिन. २–०. लागोपाठ तीन वर्षं हा चषक याआधी कोणीच जिंकला नव्हता, आणि या वेळचा घरचा सामना खरोखरच घरच्या मातीवर झाला होता.