लोणच्याची काकडी ताजी खावी काय ?

परदेशीं बरण्यांत भरून विकली जाणारी जी बोटभर, खरखरीत सालीची काकडी, तिला व्यापारांत घेरकिन म्हणतात. आपल्या देशांत हें पीक कारखानदारांशीं करार करून काढितात. १९९० नंतरच्या दशकांत कर्नाटकांत त्याचा आरंभ झाला व पुढें तें तमिळनाडु, आंध्र व तेलंगण ह्या प्रांतीं पसरलें. सन २०२०-२१ सालीं काकडी व घेरकिन मिळून २,२३,००० टनांहून अधिक माल देशाबाहेर गेला. हा माल व्हिनेगरांत किंवा मिठाच्या पाण्यांत मुरवून जातो. देशांतला खप अगदींच थोडा. ह्यावरून कित्येकांची अशी समजूत झालेली दिसते कीं, ही काकडी ताजी खाण्याच्या उपयोगाची नव्हे. कारखान्यानें नाकारली म्हणजे ती बांधावर फेंकावयाची. ह्या समजुतीमुळें घरचें अन्न वायां जातें, म्हणून हा खुलासा.

वस्तुतः ही वनस्पति निराळी नाहीं. शास्त्रांत जिला कुकुमिस सॅटिव्हस म्हणतात ती आपली नित्याची काकडीच ही. निवड मात्र लहान, घट्ट व पातळ सालीच्या फळांसाठीं केलेली. (वेस्ट इंडीज बेटांकडे घेरकिन ह्याच नांवाचें एक कांटेरी फळ होतें, तें भिन्न जातीचें, त्याचा येथें संबंध नाहीं.) पीकपाहणीचीं पत्रकें लिहिण्यांत आमचें निम्में आयुष्य गेलें, हें पीक आमच्यापुढें आलें असतें, तर आम्ही निःशंकपणें ‘काकडी’ असेंच लिहिलें असतें.

करारांत भाव ठरतो तो आकारावर. एका किलोंत जितकीं अधिक फळें बसतील तितका भाव चढा. काकडीचें फळ तर इतक्या वेगानें वाढतें कीं, एक दिवसाची तोडणी चुकली तरी तें खालच्या प्रतींत जातें आणि आणखी थांबल्यास कोणी कांट्यावर घेत नाहीं. असें फळ वेलावरच राहूं देणें ही त्याहून मोठी हानि. कारण बीं धरूं लागलेलें फळ वेलाचा जोम ओढून घेतें व नवीन फळें धरणें मंदावतें. तेव्हां तोडणें तर आलेंच. तोडलेल्याचें काय करावें, एवढाच प्रश्न.

तें खावें. हाताच्या चार-पांच बोटांएवढें लांब होईतों त्याची साल सोलावी लागत नाहीं, बियाहि कोंवळ्या असतात. अंगावरचे बारीक कांटे ओल्या फडक्यानें चोळले असतां निघून जातात. गर घट्ट असल्यामुळें खमंग काकडीसाठीं चोचविली तरी तिचा लगदा होत नाहीं. दाण्याचें कूट व फोडणी आधीं घालून मीठ ऐन पानें वाढतेवेळीं घालावें, म्हणजे पाणी सुटत नाहीं. पिवळें पडूं लागलेलें फळ मात्र कच्चें खाण्यांत गोडी नाहीं. त्याच्या जून बिया काढून कीस थालिपिठांत घालावा. कोंकण-गोमंतकांत मोठ्या तवसाची तवसोळी करितात, तीहि ह्याची होईल.

कडूपणाविषयीं लोकांत एक जुनी रीत आहे : देंठाकडची चकती कापून तीच कापावर घासावयाची, फेंस आला म्हणजे कडू गेलें. आमच्या मतें गुण घासण्याचा नसून कापण्याचा आहे. कडू द्रव्य देंठाकडे व सालीखालीं अधिक सांचतें. वेलास पाण्याचा ताण पडला किंवा ऊन फार झालें कीं तें वाढतें. म्हणून देंठाकडचें पेरभर कापून टाकावें व आधीं चाखून पाहावें. जहर कडू लागलेलें फळ मुकाट्यानें टाकून द्यावें. त्यानें ओकाऱ्या व पोटदुखी होते.

ह्याहून महत्त्वाची गोष्ट औषधफवारणीची. फवारणीनंतर किती दिवस तोडणी करूं नये, हें औषधाच्या वेष्टनावर छापलेलें असतें. त्या मुदतींत तोडलेलें फळ मुलांस देऊं नये आणि गाईपुढेंहि टाकूं नये. धुतल्यानें वरवरचें कांहीं जातें, आंत मुरलेलें जात नाहीं. रोज तोडणीच्या ह्या पिकांत ती मुदत पाळणें जड जातें हें आम्ही जाणतों; तरी फवारणीचा दिवस दारामागें खडूनें लिहून ठेवण्यास कांहीं खर्च नाहीं.

साल पातळ असल्यानें ही काकडी लवकर सुरकुतते. ओल्या फडक्यांत गुंडाळून सावलींत ठेवावी. शीतकपाटांत फार थंड जागीं, म्हणजे १० अंशांखालीं, ठेविल्यास ती पाणचट होऊन नासते. आठवड्याच्या बाजारीं विकावयाची झाल्यास त्याच सकाळची तोड न्यावी. आणि नाकारलेला माल बाहेर विकण्यास करारांत मनाई नाहीं ना, हें कागद उघडून आधीं वाचून घ्यावें.